लोला साल्वादोर माल्दोनादो: हे नाव पूर्ण छापा
महाराष्ट्र आणि गोव्यातल्या फिल्म सोसायट्यांच्या चालकांना खुलं पत्र

सप्रेम नमस्कार.

मी तुमच्यातलीच एक. तीसेक वर्षं रविवारच्या सकाळी खुर्च्या मांडल्या, वर्गणीच्या पावत्या फाडल्या, पाहुण्यांना स्टेशनवरून आणलं. सगळ्यात जास्त काम केलं ते माहितीपत्रकांचं. खेळाच्या आधी हातात पडतो तो एक पानी कागद, पाठपोट छापलेला. आमच्याकडचे असे बरेच कागद माझ्या हातचे आहेत. त्यातल्याच एका कागदावरच्या एका ओळीसाठी हे पत्र लिहिते आहे.

चित्रपट स्पेनचा होता, 'एल क्रिमेन दे क्वेंका', म्हणजे 'क्वेंकाचा खून'. दिग्दर्शन पिलार मिरो यांचं. श्रेयनामावलीत पटकथेपुढे दोन नावं होती: साल्वादोर माल्दोनादो आणि पिलार मिरो. मराठीत लिहिताना क्रियापदापाशी आलं की 'तो' की 'ती' हे ठरवावंच लागतं, सुटका नसते. मी ठरवून टाकलं. लिहिलं, 'पटकथाकार माल्दोनादो हा त्या काळातला फारसा परिचित नसलेला लेखक.' झेरॉक्स काढल्या, वाटल्या. खेळ संपल्यावर स्पॅनिश शिकणारी एक मुलगी माझ्याकडे आली, त्या ओळीवर बोट ठेवून म्हणाली, "मावशी, हा लेखक नाहीये. ही बाई आहे."

तिचं बोट त्या 'हा' वर होतं. ते मला अजून दिसतं.

स्पेनमध्ये माणसाला दोन आडनावं असतात, एक वडिलांकडचं आणि एक आईकडचं. लग्नानंतर बाई ती बदलत नाही. या लेखिकेचं नाव लोला, आडनावं साल्वादोर आणि माल्दोनादो. गंमत अशी की 'साल्वादोर' हे तिकडे पुरुषाचं पहिलं नाव म्हणूनही सर्रास चालतं. त्यामुळे पुढचं 'लोला' काढलं की उरलेल्या दोन आडनावांचाच एक अख्खा पुरुष तयार होतो. पडद्यावर तोच पुरुष आला. तिथून तो कागदांवर आला, सूचींमध्ये गेला, आणि हजारो मैलांवरच्या माझ्या मराठी पत्रकात 'हा लेखक' होऊन बसला.

हे नाव त्यांनी असं का घेतलं याचं कारण मी त्यांच्या तोंडी घालणार नाही. पण काळ काय होता ते सांगते. लोला साल्वादोर माल्दोनादो १९३८ साली बार्सेलोनात जन्मल्या. यादवी युद्ध चालू होतं, पुढच्याच वर्षी हुकूमशहा फ्रँकोची राजवट पक्की झाली. त्या राजवटीत विवाहित स्त्रीला करारावर सही करायची तर नवऱ्याची परवानगी लागे. हा कायदा १९७५ च्या मे महिन्यात बदलला, फ्रँको वारला त्याच वर्षी. म्हणजे त्या सदतिशीच्या आसपास होईपर्यंत त्यांच्या देशात लग्न झालेल्या बाईची सही एकटी पुरेशी धरली जात नव्हती.

माझी चूक मी पुढच्या पत्रकात दुरुस्त केली. पण नंतर इतरांची पत्रकं, महोत्सवांच्या पुस्तिका, वर्तमानपत्रांतली परिचयपर टिपणं चाळत गेले तेव्हा दिसलं की हा प्रश्न एका ओळीचा नाही. या चित्रपटावर लिहिताना आपण सगळे मिरोबाईंवर लिहितो, चित्रपट अडवणाऱ्या लष्करी न्यायालयावर लिहितो, सेन्सॉरशिपवर लिहितो. ज्या माणसाने ती गोष्ट कागदावर उतरवली त्याच्यावर कोणी लिहीत नाही. म्हणून हे पत्र थोडं लांबणार आहे. ती गोष्ट कसली होती हे कळल्याशिवाय माझं म्हणणं तुम्हाला पटायचं नाही.

क्वेंका हा स्पेनच्या मध्यभागाच्या पठारावरचा प्रांत. १९१० च्या ऑगस्टमध्ये तिथल्या ओसा दे ला वेगा गावाजवळच्या एका शेतमळ्यावरून होसे मारिया ग्रिमाल्दोस नावाचा मेंढपाळ नाहीसा झाला. बुटका म्हणून सगळे त्याला 'एल सेपा' म्हणत, म्हणजे द्राक्षवेलीचं खोडकं. मेंढ्या विकल्याचे पैसे त्याच्यापाशी होते. मळ्यावरचा मुकादम लेओन सांचेझ आणि राखणदार ग्रेगोरियो वालेरो हे दोघं त्याची टिंगल करत असत, एवढं गावाला माहीत होतं. संशयाला तेवढं पुरलं. दोघांना धरलं, पण पुरावा नव्हता, १९११ मध्ये सोडून दिलं. १९१३ मध्ये बेलमोंतेच्या न्यायालयात इसासा नावाचा नवा न्यायाधीश आला आणि प्रकरण पुन्हा उघडलं. या वेळी ग्वार्दिया सिविलने, म्हणजे तिथल्या निमलष्करी पोलिसांनी, दोघांकडून कबुली घ्यायची ठरवली होती.

खारवलेला मासा न भिजवता, मीठ न काढता खायला द्यायचा आणि वर पाणी द्यायचं नाही, इथपासून सुरुवात. नखं उपटण्यापर्यंत मजल. दोघांनी कबुली दिली. मग विचारलं, प्रेत कुठं आहे? खूनच झाला नव्हता तर प्रेत कुठून दाखवणार? आज एक जागा सांगायची, उद्या दुसरी. मारून मारून दोघांना खुनाचा आळ एकमेकांवर घालायला लावलं. त्याच वर्षी एल सेपाच्या मृत्यूची अधिकृत नोंदही झाली. कागदोपत्री तो मेला. १९१८ मध्ये क्वेंकात ज्यूरीपुढे खटला उभा राहिला, दोघांना अठरा अठरा वर्षांची शिक्षा झाली. माफी मिळून ते १९२५ मध्ये सुटले.

आणि १९२६ मध्ये त्याच प्रांतातल्या मीरा गावच्या पाद्र्याने त्रेसहुंकोस या एल सेपाच्या गावच्या पाद्र्याला एक पत्र पाठवलं. आमच्याकडे ग्रिमाल्दोस नावाच्या माणसाचं लग्न ठरलं आहे, त्याच्या बाप्तिस्म्याचा दाखला पाठवावा. त्रेसहुंकोसचा पाद्री ते पत्र हातात धरून बसला. उत्तर त्याने पाठवलंच नाही. दाखला येत नाही म्हटल्यावर नवरदेव स्वतःच तो आणायला निघाला आणि गावात चालत आला. सोळा वर्षांपूर्वी मेलेला माणूस! सर्वोच्च न्यायालयाने शिक्षा रद्द ठरवली, कबुल्या विलक्षण हिंसेने काढल्या होत्या हे मान्य केलं. रामोन सेंदेर हा पुढे मोठा झालेला लेखक तेव्हा 'एल सोल' या वर्तमानपत्राचा बातमीदार म्हणून तिथे गेला होता.

आता माझं लेखिकेबद्दलचं म्हणणं. ही गोष्ट मी वर सांगितली तशी सांगितली तर ती चमत्कारिक वाटते, शेवटाला धक्का देणारी. मेलेला माणूस परत येतो! कोणाही पटकथाकाराला हाच शेवट जपून ठेवायचा मोह होईल. स्पॅनिश प्रेक्षकाला मात्र तो शेवट आधीपासून ठाऊक होता, 'क्वेंकाचा खून' हा तिकडे जवळपास वाक्प्रचारच झालेला आहे. त्यामुळे धक्क्याचा उपयोग नव्हता. मूळ कथासूत्र हुआन आंतोनियो पोर्तो यांचं. पटकथेत लोलाबाई आणि मिरोबाईंनी चित्रपटाचा सगळा भार मधल्या भागावर टाकला, कबुली कशी तयार होते या भागावर. आधी गाव, मेंढ्या, टवाळी. मग एका आईचा हट्ट की माझ्या मुलाला मारलंय. मग राजकारणी, न्यायाधीश, पाद्री, प्रत्येकजण आपापल्या परीने थोडं थोडं ढकलतो. आणि मग कोठडी. चित्रपट जेमतेम दीड तासाचा, पण कोठडीत गेल्यावर वेळ पुढे सरकत नाही. तहानलेला माणूस आणि पाणी या दोघांतलं अंतर तुम्ही मोजत बसता.

सुरुवातीला चौकात एक आंधळा माणूस ही कहाणी गाऊन सांगतो. स्पेनमध्ये आंधळ्या गायकांची अशी जुनी परंपरा होती. गावोगाव हिंडायचं, खून-दरोड्यांची कवनं म्हणायची, छापील कवनं विकायची. आपल्या पिंगुळीच्या चित्रकथी मंडळींची आठवण येईल असा तो प्रकार. मला ही योजना फार महत्त्वाची वाटते. गावात जी गोष्ट गाऊन पक्की झाली ती लोकांनी खरी मानली, न्यायालयानेही तीच लिहून काढली. लोकांच्या तोंडची गोष्ट, सरकारी कागदावरची गोष्ट आणि खरी गोष्ट, तिन्ही शेजारीशेजारी ठेवायची ही लेखनातली निवड आहे. कॅमेरा त्यानंतर येतो.

न्यायाधीश इसासाच्या भूमिकेत एक्तोर आल्तेरियो आहेत. ते अर्जेंटिनाचे. तिकडच्या उजव्या मारेकरी टोळीच्या धमक्यांमुळे मायदेशी परतता येईना, म्हणून स्पेनमध्येच राहिले. ज्याला स्वतःला अशा माणसांच्या भीतीने देश सोडावा लागला तो ही भूमिका करतो आहे, हे ठाऊक झाल्यावर त्यांचा तो थंड, नीटस चेहरा मला वेगळा दिसायला लागला.

यानंतर जे झालं ते तुमच्यातल्या अनेकांना माहीत आहे, पण तारखांकडे पुन्हा बघा. फ्रँकोच्या काळात चित्रीकरणाच्या आधी पटकथा सेन्सॉरकडे द्यावी लागे. म्हणजे सेन्सॉरची पेन्सिल सर्वांत आधी पोचायची ती लेखकापर्यंत. संपादकाच्या, कॅमेऱ्याच्या, नटाच्या कितीतरी आधी. लिहिणारा माणूस लिहितानाच मनात हिशेब करायचा की हे वाक्य जाईल की राहील, हे राहावं म्हणून ते देऊन टाकू का. पटकथेची ही आगाऊ तपासणी १९७६ च्या फेब्रुवारीत बंद झाली. चित्रपटांची सेन्सॉरशिप ११ नोव्हेंबर १९७७ च्या हुकमाने संपली. १९७८ च्या डिसेंबरमध्ये नवी राज्यघटना आली. तिच्या विसाव्या कलमात स्पष्ट आहे की कुठल्याही प्रकारची पूर्वतपासणी चालणार नाही, आणि जप्ती करायची तर ती फक्त न्यायालयाच्या आदेशाने.

या ओळीत एक फट होती. न्यायालय म्हणजे कोणतं न्यायालय?

ती फट १९७७ च्या डिसेंबरातच दिसली होती. 'एल्स जुग्लार्स' या नाटकमंडळीच्या आल्बेर्त बोआदेल्या यांना फाशीच्या शिक्षेवरच्या नाटकाबद्दल लष्कराने अटक केली. सेन्सॉर संपून महिनाही झाला असेल नसेल. ग्वार्दिया सिविल ही लष्करी संघटना, आणि तिचा अपमान लष्करी कायद्याखाली गुन्हा. या वातावरणात, हे सगळं डोळ्यांसमोर असताना, १९७९ मध्ये एका लेखिकेने ग्वार्दिया सिविलच्या कोठडीतला छळ कागदावर तपशीलवार लिहिला. पहिल्यांदाच पुढे सेन्सॉर बसलेला नव्हता. लिहून झालेलं पान कुठल्या कचेरीत पाठवायचं नव्हतं. तरीही जे लिहिलं त्याचं काय होऊ शकतं याची कल्पना देशातल्या कोणालाही होती.

मी याबद्दल खूप विचार केला आहे. चाळीस वर्षं ज्या देशात लेखक आडवळणाने बोलायला शिकले, रूपकात, विनोदात, परीकथेत लपायला शिकले, तिथे सरळ लिहायची सवय हुकमाने एका दिवसात येत नाही. सेन्सॉर संपल्यावरच्या त्या वर्षांत स्पेनमध्ये पडद्यावर उघड्या अंगांचा पूर आला. त्यासाठी वेगळा 'एस' वर्गच होता. ते सोपं होतं आणि त्यात पैसाही होता. पोलीस कोठडीत काय होतं हे सरळ लिहिणं सोपं नव्हतं. जुन्या काळाची गोष्ट म्हणून लिहिली तरी नव्हतं, कारण गणवेश तोच होता.

चित्रपट १९७९ च्या डिसेंबरात लागायचा होता. प्रदर्शनाचा परवाना मिळाला नाही. प्रकरण सरकारी वकिलाकडे आणि तिथून लष्करी न्यायाधीशाकडे गेलं. प्रती जप्त झाल्या. तरी १९८० च्या फेब्रुवारीत बर्लिनच्या महोत्सवात स्पर्धेत तो दाखवला गेला. मिरोबाईंवर लष्करी न्यायालयात आरोप ठेवला गेला, काही वर्षांच्या तुरुंगवासाची टांगती तलवार त्यांच्यावर होती. १९८० च्या अखेरीस लष्करी न्यायाच्या कायद्यात सुधारणा झाली, नागरिकांवरचे असे खटले लष्कराच्या हातून निघाले. २३ फेब्रुवारी १९८१ ला त्याच ग्वार्दिया सिविलचा लेफ्टनंट कर्नल तेहेरो हातात पिस्तूल घेऊन संसदेत घुसला. बंड फसलं. पुढच्याच महिन्यात चित्रपटावरचं प्रकरण मिटलं आणि ऑगस्टमध्ये तो लागला. पंचवीस लाखांहून जास्त लोकांनी तो थिएटरात जाऊन पाहिला.

ही सगळी हकीकत आपण पत्रकांत लिहितो. त्यात एक गोष्ट मात्र गळते. चित्रपट कुलुपात होता तेव्हा ही कहाणी पुस्तकरूपात बाहेर होती, याच लेखिकेने १९७९ मध्ये लिहिलेली. प्रती जप्त करता येतात, पण ज्यातून त्या प्रती निघाल्या तो मजकूर एका माणसाच्या हातात असतो. लष्कराला चित्रपटाची रिळं दिसली. आपल्यालाही रिळंच दिसतात, एवढंच मला आपल्या सगळ्यांबद्दल म्हणायचं आहे.

पुढची गोष्ट थोडक्यात. १९८२ च्या शेवटी समाजवादी सरकार आलं आणि पिलार मिरो यांनाच चित्रपट खात्याचं प्रमुखपद मिळालं. त्यांच्या १९८३ च्या हुकमाने चांगल्या चित्रपटांना आगाऊ अनुदान मिळू लागलं, आणि साहित्यकृतींवरच्या चित्रपटांना बरे दिवस आले. लोलाबाईंनी या काळात दोन मोठी रूपांतरं केली. १९८३ चा 'बेआर्न' योरेन्स विलालोंगांच्या मायोर्का बेटाबद्दलच्या कादंबरीवरचा, आणि १९८४ चा 'लास बिसिक्लेतास सोन पारा एल वेरानो', म्हणजे 'सायकली उन्हाळ्यासाठी असतात', फेर्नांदो फेर्नान गोमेझ यांच्या नाटकावरचा. दोन्हींचे दिग्दर्शक हाइमे चावारी. दुसरा तुमच्यापैकी काहींनी नक्की दाखवला असेल. वेढ्यात अडकलेलं माद्रिद, एक कुटुंब, सायकल मागणारा मुलगा, आणि जेवणाच्या टेबलावर दिवसेंदिवस कमी होत जाणारी डाळ. सगळे चोरून एकेक चमचा खाल्ल्याची कबुली देतात तो प्रसंग ज्याने पाहिला तो विसरत नाही.

त्या प्रसंगाचं श्रेय आपण फेर्नान गोमेझ यांना देतो, ते योग्यच आहे, मूळ नाटक त्यांचं. पण अडीच-तीन तासांच्या नाटकाचा चित्रपट करताना कोणते प्रसंग ठेवायचे, कोणते काढायचे, घरातल्या संवादाला रस्त्यावरची कोणती दृश्यं जोडायची, हे कोणीतरी बसून केलेलं असतं. रूपांतरकार हा दोन मोठ्या नावांच्या मधला माणूस. एका बाजूला मूळ लेखक, दुसऱ्या बाजूला दिग्दर्शक. एकदा स्वतःच्याच आडनावामागे गेलेली ही लेखिका दुसऱ्यांदा इतरांच्या नावांमागे गेली. यात कोणी मुद्दाम लपवलं असं मी म्हणत नाही. फक्त दर वेळी आपण तिकडे पाहत नाही, एवढं म्हणते.

स्पेनने २०१४ मध्ये त्यांना चित्रपटक्षेत्राचा राष्ट्रीय पुरस्कार दिला, तेव्हा त्या पंचाहत्तरी ओलांडलेल्या होत्या. पुरस्कार लोला साल्वादोर माल्दोनादो या पूर्ण नावाने दिला गेला. म्हणजे त्यांच्या देशात ही दुरुस्ती झालेली आहे. आपल्या पत्रकांत ती अजून व्हायची आहे.

मी हे फिल्म सोसायट्यांनाच का सांगते आहे? थिएटरं आणि वाहिन्या यांच्याकडून माझी ती अपेक्षा नाही. आपली चळवळ वेगळ्या पायावर उभी राहिली. १९५९ मध्ये सत्यजित राय यांच्या अध्यक्षतेखाली फिल्म सोसायट्यांचा महासंघ स्थापन झाला. पुढे सभासदांच्या खेळांना सेन्सॉरच्या कात्रीतून सूट मिळाली, ती मागून मिळवलेली सूट आहे. आमच्या पिढीने परदेशातले न कापलेले चित्रपट पहिल्यांदा पाहिले ते तुमच्या अंधाऱ्या हॉलमध्ये, टेकू दिलेल्या पडद्यावर. न कापलेला चित्रपट दाखवायचा हा ज्यांचा धर्म, त्यांनी श्रेयनामावलीतून माणूस कापू नये, ही माझी मागणी.

आणि मी फक्त एका स्पॅनिश बाईंसाठी भांडते आहे असं समजू नका. त्याच काळात 'रोसीओ' नावाचा माहितीपट झाला, आंदालुसियातल्या एका मोठ्या यात्रेवरचा. त्यात यादवी युद्धातल्या हत्याकांडाचा उल्लेख होता, एका कुटुंबाने तक्रार केली, १९८१ मध्ये तो जप्त झाला आणि पुढे कापूनच दाखवायची परवानगी मिळाली. दिग्दर्शक फेर्नांदो रुइझ वेर्गारा यांचं नाव आता थोडंबहुत घेतलं जातं. पटकथा आना विला यांची होती. हे नाव किती जणांनी ऐकलंय? सेन्सॉरशिप संपल्यानंतर अडवल्या गेलेल्या या दोन महत्त्वाच्या चित्रपटांच्या लेखनात बायका आहेत, आणि दोन्हींची गोष्ट सांगताना त्या लेखिका बाहेर राहतात. मला हे सहन होत नाही, हे मी स्पष्ट सांगते.

आता करायचं काय ते सांगते. 'क्वेंकाचा खून' पुन्हा दाखवा. छळाची दृश्यं अंगावर येणारी आहेत, त्याची पूर्वसूचना द्या, पण कापू नका. माहितीपत्रकात दिग्दर्शकाच्या ओळीखाली लगेच, तेवढ्याच टायपात, 'पटकथा: लोला साल्वादोर माल्दोनादो, पिलार मिरो' असं छापा. पडद्यावर जे नाव येतं ते वेगळं का, हे कंसात एका वाक्यात लिहा. नाहीतर प्रेक्षकाला वाटेल की पत्रकच चुकलंय. 'सायकली'च्या पत्रकातही मूळ नाटककाराच्या खाली त्यांचं नाव द्या. जुनी पत्रकं ज्यांच्या संकेतस्थळावर टाकलेली आहेत त्यांनी तिथेही दुरुस्ती करावी. शोधणारी मुलं आता कपाट उघडत नाहीत, तिथेच बघतात.

खेळानंतरच्या चर्चेबद्दलही एक विनंती. आपल्याकडे चर्चा सुरू होते ती नेहमी दिग्दर्शकापासून. पहिला प्रश्न कॅमेऱ्याबद्दल, दुसरा राजकारणाबद्दल, आणि तिसऱ्यापर्यंत हॉलची वेळ संपते. एकदा उलटं करून बघा. या चित्रपटाच्या खेळानंतर पहिला प्रश्न असा विचारा: ही गोष्ट तुम्हाला लिहायची असती तर एल सेपाचं परत येणं तुम्ही कुठे ठेवलं असतं? आमच्याकडे दुसऱ्या खेळाच्या वेळी मी हा प्रश्न टाकला. एक निवृत्त कारकून उठले. आयुष्यभर जन्म-मृत्यूच्या नोंदवहीवर बसलेला माणूस. म्हणाले, "मी तर मृत्यूच्या नोंदीपासून सुरुवात केली असती. कारण आमच्या वहीत एकदा नोंद झाली की ती काढायला फार त्रास होतो, माणूस समोर उभा असला तरी." हॉल बराच वेळ गप्प होता. त्या दिवशी चर्चा पाऊण तास चालली आणि सगळी लेखनाबद्दल चालली.

मराठी उपशीर्षकांचाही प्रश्न आहे. इंग्रजी उपशीर्षकांवर आपले निम्मे प्रेक्षक धडपडतात, विशेषतः तालुक्याच्या ठिकाणी. आंधळ्या गायकाचं कवन तर इंग्रजीतून पार कोरडं होतं, त्याला मराठीत ठेक्याची ओळ हवी. ज्या मुलीने माझी चूक दाखवली ती आता स्पॅनिश शिकवते. तिने आणि मी मिळून त्या कवनाचा आणि पहिल्या वीस मिनिटांचा मराठी तर्जुमा केला आहे. कबुलीच्या प्रसंगात गावरान बोली वापरावी की प्रमाण, यावर आमचं अजून जमत नाही. तिचं म्हणणं, मेंढपाळाच्या मुलखातली माणसं आहेत, त्यांना माणदेशाकडची बोली द्यावी. मला वाटतं तसं केलं की क्वेंका हातातून सुटेल. दोघींचे दोन्ही मसुदे तयार आहेत. ज्या सोसायटीला हवेत तिला पाठवते, वाचून तुमचं मत कळवा. बाकीचं काम पावसाळ्यापर्यंत पुरं करायचा बेत आहे, आणि त्याच्या पहिल्या चौकटीत कोणाचं नाव पूर्ण लिहायचं यावर आमच्या दोघींत मतभेद नाही.

आपली,
माहितीपत्रकं लिहिणारी एक जुनी सभासद